नवमीच्या दिवशी चार डम्या

"अय्यो, नीरु, नीरु! बघा हो, गाडीच्या पोटातनं पाणी चाललंय!"

समोरच्या घरातल्या बाई ओरडत होत्या. त्यांचा आवाज असा की त्यांनी भाजीवाल्याला हाक मारली की पलीकडच्या तीन गल्ल्यांतले भाजीवाले वळून बघतात. त्या दिवशी तर चामुंडीच्या टेकडीवर पुजाऱ्यानंही घंटा थांबवून कान दिला असेल. नवमीची दुपार, आयुधपूजा. सगळी गल्ली आपापल्या सायकली-स्कूटरींना कुंकू लावून मोकळी झालेली, आणि आता बघण्यासारखं एकच उरलेलं, ते म्हणजे आमची गाडी.

गाडी नवरदेवासारखी सजली होती. बंपरच्या दोन्ही बाजूंना केळीचे खुंट, बॉनेटवर शेवंतीच्या माळा इतक्या की अप्पांना, म्हणजे आमच्या वडिलांना, रस्ता बघायला मान खिडकीतून बाहेर काढावी लागत होती. चार चाकांखाली चार लिंबं. मी नुकताच कोहळा ओवाळून रस्त्यावर आपटला होता, आणि मी आपटलेला कोहळा म्हणजे त्याच्या बिया अजून कुठे कुठे उगवत असतील. अप्पांनी क्लच सोडला, गाडी हातभर सरकली, लिंबं फचफचली आणि इंजिनाखालून तपकिरी पाणी वाहायला लागलं. आधी वाटलं, कोहळ्यातलं कुंकवाचंच पाणी. पण कोहळा इकडे आणि धार तिकडे. धारेनं रस्ता ओलांडला, त्या बाईंच्या रांगोळीतल्या मोराचं शेपूट धुऊन नेलं, आणि मग बाईंनी कन्नडात जे सुरू केलं ते मी इथे लिहीत नाही.

अण्णा, म्हणजे माझा मोठा भाऊ, पायरीवर हाताची घडी घालून उभा होता. तो म्हणाला, "अप्पा, उतरा खाली. आयतु. संपलं."

हे 'संपलं' काय होतं ते सांगायला हवं. अण्णा बंगळुरात मोठ्या कारखान्यात इंजिनियर. दसऱ्याला वहिनीला घेऊन आला की पहिल्या दिवशी तो जेवतो आणि दुसऱ्या दिवशी घरातल्या चुका काढतो. त्या वर्षी चूक निघाली गाडीची. गाडी विलायती, त्याच्याहून वयानं मोठी, आणि आदल्याच महिन्यात हुणसूरच्या रस्त्यावर बसलेली. तिला ट्रॅक्टरला बांधून घरी आणावं लागलं होतं. त्या वेळी आत अप्पा एकटेच होते, दोन तास उन्हात. अण्णाला ते कळलं तेव्हापासून त्याच्या डोक्यात बसलं होतं. अष्टमीच्या जेवणात त्यानं अट घातली. दशमीला दरवर्षीसारखं हुणसूरच्या पुढे बेट्टदपुराला, टेकडीवरच्या देवाला जायचं, ते याच गाडीनं. जाऊन दारापर्यंत परत यायचं. दोर लावायचा नाही, धक्का मारायचा नाही, वाटेत बॉनेट उघडायचं नाही. जमलं तर गाडी राहील. नाही जमलं तर एकादशीला भंगारवाला येईल आणि अप्पा पुन्हा स्टिअरिंगला हात लावणार नाहीत.

"कबूल!" अप्पा म्हणाले होते, आणि भाताच्या हातानंच टाळी दिली होती. "अरे, बेट्टदपूर काय? टेकडीच्या पायऱ्या चढवून दाखवीन तिला!"

अप्पांनी शब्द दिला की तो शब्द राहिला. आमच्या घराण्यात तीच एक इस्टेट. आमचे पूर्वज म्हैसूरच्या घोडदळाबरोबर इकडे आले. तलवार मारणारे थोडे आणि नाल मारणारे जास्त, पण कुणी विचारलं तर आम्ही तलवारीचंच सांगतो. आजोबा पलटणीच्या घोड्यांना नाल ठोकायचे. घोडे गेले, मोटारी आल्या, तेव्हा अप्पा सरकारी मोटारखान्यात लागले. जनावर बदललं, हातातलं लोखंड तेच राहिलं. अप्पांच्या कानाची गोष्ट म्हैसुरात अजून सांगतात: ते कॉफी पिता पिता रस्त्यानं जाणारी बस ऐकून सांगायचे, "तिसऱ्या सिलिंडरचा व्हॉल्व्ह." बस थांबवून बघितलं तर तिसराच. नसला तर अप्पा म्हणत, ड्रायव्हरनं मोजायला चुकीच्या बाजूनं सुरुवात केली.

पण त्यांच्या कमरेचा मणका गेला, वाकणं बंद झालं, आणि तेव्हापासून त्या गाडीचे हात म्हणजे मी. मी तेव्हा शाळेत गणित शिकवायची. सकाळी वर्गमुळं, संध्याकाळी कार्ब्युरेटर. पोरी म्हणायच्या, मिसच्या वहीला पेट्रोलचा वास येतो.

तर मी लुगड्याचा पदर खोचला आणि गाडीखाली सरकले. पाणी कुठून येतंय ते कळायला वेळ लागला नाही. इंजिनाच्या ओतीव ठोकळ्याला बाजूनं गोल भोकं असतात, रुपयाहून मोठी. ठोकळा ओतताना आत राहिलेली वाळू काढायला ठेवलेली. मग ती भोकं पत्र्याच्या उथळ वाट्या ठोकून बंद करतात. इंग्रजी पुस्तकात त्यांचं नाव गोठण्यावरून ठेवलंय. म्हणे थंड मुलखात इंजिनातलं पाणी गोठून फुगलं की वाटी उडून जाते आणि ठोकळा तडकायचा वाचतो. आमच्या म्हैसुरात पाणी गोठलंय असं फक्त दूधवाला सांगतो, उशीर झाला की. म्हणून इथल्या गॅरेजात त्यांना सरळ डमी म्हणतात. आमच्या गाडीला त्या बाजूला चार. चारीतून पाणी येत होतं. एक गळाली असती तर समजू शकते. चारी एकदम?

मी बोट लावून वास घेतला. आंबट.

"अप्पा," मी खालूनच विचारलं, "पाण्यात काय घातलंत?"

 मग रेडिएटरच्या तळाची तोटी मी उघडली, पाणी सोडलं, आणि पाण्याबरोबर टपकन एक चिंचोका बाहेर पडला. खोटं वाटेल, पण मी तो पुढे किती वर्षं पर्समध्ये ठेवला होता.

"अय्यो!" आई दारातून ओरडली. "माझी वर्षाची चिंच! बरणी तळाला गेली म्हणून मी शेजारणीवर संशय घेत होते!"

अप्पांनी मान वर केली. "पूजेला देव्हाऱ्यातली भांडी चिंचेनं लख्ख करता ना? मग गाडीच्या पोटानं काय पाप केलंय? आयुधपूजा वरवरची करायची? दोन दिवस भिजवलं. बघ कसा गंज सुटलाय!"

गंज सुटला होता हे खरंच. दुःख एवढंच की त्या डम्यांचा पत्रा केव्हाच झिजून संपला होता. इतकी वर्षं पाणी अडवत होता तो गंज. अप्पांनी भक्तिभावानं तोच धुऊन काढला. आंबटानं भांडी चकचकीत करायची सवय आणि आयुधाला देव मानायची सवय, या दोन्ही ज्या घरात एकत्र नांदतात त्याच घरात ही चूक होऊ शकते. अण्णाच्या कारखान्यात सात जन्मांत झाली नसती, आणि हे त्यानं बोलून दाखवलं.

"सुम्ने, उगाच हट्ट नको आता," तो म्हणाला. "उद्या माझी गाडी घेऊ. एकादशीला मी भंगारवाल्याला निरोप देतो."

"उद्या सकाळी सातला ही गाडी दारात उभी असेल," मी म्हटलं. "चार डम्या काढायच्या, चार बसवायच्या. चहा गार व्हायच्या आत होतं ते काम." चहा गार व्हायला त्या दिवशी पाच तास लागले, ते पुढे येईलच. "अप्पा, हातोडी कुठाय? आणि छिन्नी, आणि पक्कड."

अप्पांनी माझ्याकडे असं बघितलं की मी जणू देवीच्या नाकातली नथ मागितली.

सगळं पूजेत होतं. देव्हाऱ्यासमोर पाटावर लाल कापड, आणि त्यावर पाने, हातोड्या, स्क्रू ड्रायव्हर, करवत, कानस, छिन्न्या, आजोबांची नालाची हातोडी, घराण्याची एकुलती एक तलवार, आईची विळी, कात्री, माझी कंपासपेटी. सगळ्यांना हळदकुंकू, सगळ्यांवर फूल. नवमीला मांडलेलं आयुध दशमीच्या पूजेपर्यंत उचलायचं नाही. वर्षभर ते राबतं, तो दिवस त्याचा. आमच्याकडे हे इतकं कडक की नवमीला आई भाजी हातानं मोडायची.

"गाडी गेली तरी चालेल," अप्पा म्हणाले, "पाना आज उचलायचा नाही."

 ज्या गाडीसाठी त्यांनी शब्द दिला तीच जायची होती, पण त्यांनी पाटाकडे एकदाही बघितलं नाही. तेव्हा मला राग आला होता. आज वाटतं, असा बाप असणं म्हणजे छाती दोन इंच पुढे काढून चालायची गोष्ट आहे.

"बरं," मी म्हटलं. "जे पूजेत नाही ते उचललं तर चालेल?"

अप्पा खुर्ची ओढून ओसरीवर बसले. "दाखव एकेक. मी सांगतो आयुध आहे की नाही."

आणि आमच्या ओसरीवर कोर्ट भरलं. मी घरभर फिरून लोखंड शोधत होते. बंबाचा चिमटा आणला. "अग्नीचं आयुध. बेडा, नको." मागच्या परसातली कुदळ तर मी उचलायच्या आतच "बेडा, बेडा!" मग न्हाणीघराच्या दाराला पिढ्यान् पिढ्या अडसर म्हणून लावलेली एक वीतभर लोखंडी मेख होती, ती उपटून आणली. घोडा बांधायची मेख. घोडदळाबरोबर आलेली, पण साबणाच्या पाण्यात राहून राहून तिचा मान गेला होता, आणि पूजेच्या वेळी ती कुणाला आठवलीच नव्हती.

अप्पांनी ती हातात घेतली, वजन बघितलं. "ही... ही आयुध नाही. ही दाराची खीळ."

"पलटणीची मेख ना ती?" अण्णा म्हणाला.

"न्हाणीघरात होती, तेव्हा न्हाणीघराची!" अप्पा म्हणाले. कोर्टाचा निकाल.

मेख मिळाली. हातोडीच्या जागी धुणं बडवायची लाकडी मोगरी आली, तिला कुणी कधी कुंकू लावलं नव्हतं. पकडीचा प्रश्न आईनं सोडवला. तिनं पदराआडून सांडशी काढली. "ही मी पूजेला दिलीच नव्हती. पायसाचं पातेलं काय देवीनं उतरवलं असतं?" आणि त्याच कारणासाठी तिनं मागे ठेवलेला खलबत्त्याचा लोखंडी बत्ताही दिला. वेलदोडे कुटायचे होते ना. त्या बत्त्याचं बूड मी बघितलं आणि हसले. डमीच्या वाटीत नेमकं बसेल एवढं, सूतभर कमी. कारखान्यात यंत्रावर करून घेतलं असतं तरी इतकं जमलं नसतं.

आता नव्या डम्या. स्पेअरपार्टचं दुकान दोन चौक पलीकडे. गेले तर दुकानदार पूजा आटोपून शटर ओढत होते. तराजूला हार, गल्ल्याला हार, खिळ्यांच्या डब्यांना हार.

"आज विक्री नाही, अम्मा. गल्ला पूजेत. उद्या या."

मी त्यांना सगळं सांगितलं. मी सांगायला लागले की थोडं वाढतंच. माझ्या सांगण्यात ट्रॅक्टरचे तीन ट्रॅक्टर झाले आणि अप्पांच्या डोळ्यांत पाणी आलं, जे आलं नव्हतं. दुकानदार ऐकत राहिले. मग आत गेले आणि प्रसादाचं पाकीट आणलं, दसऱ्याला दुकानं वाटतात तसं. चुरमुरे, डाळं, एक पेढा. पाकीट हाताला जड लागलं. चुरमुऱ्यांत पाच डम्या.

"चार हव्यात," मी म्हटलं.

"प्रसाद चार देत नाहीत, पाच देतात," ते म्हणाले. "विक्री नाही ही. होगली बिडु, जाऊ दे, घेऊन जा."

घरी आले आणि कामाला लागले. गल्ली घरी गेलीच नव्हती. समोरच्या बाई तर स्टूल घेऊन बसल्या होत्या, नवं शेपूट काढायचं सोडून.

डमी काढायची रीत अशी: मध्ये मारायचं नाही. मध्ये मारलं की ती वाटी जाऊन आत पडते, आणि आत म्हणजे पाण्याच्या खोबणीत, तिथून काढणं कर्मकठीण. कडेला मारायचं, एकाच बाजूला, म्हणजे ती भोकातल्या भोकात फिरते, आडवी होते, आणि मग धरून ओढायची. पहिली मी अशी काढली की गल्लीनं टाळी दिली. मेख कडेला, मोगरीचा एक ठोका, डमी फिरली, सांडशीनं धरली, आणि ओढली तर आतून चिंच-गंजाचा असा गाळ आला की दोन बादल्या भरल्या. बरं, एक बादली.

टाळ्यांनी डोकं फिरतं. दुसरीला मी जरा झोकात मारलं. टण्ण् न करता ती 'गप' करून आत गेली.

 ओसरीवरून अप्पांचा आवाज, अगदी हळू: "आत गेली?"

"हो."

अण्णा पायरीवरून उठला, जवळ आला, वाकून भोकात बघितलं. "नोडु, हे बघ," तो म्हणाला, "आता इंजिन उघडल्याशिवाय निघणार नाही. राहू दे. प्रयत्न केलास. अष्टे, एवढंच." त्यात टोमणा नव्हता, हे सगळ्यात वाईट होतं.

मी भोकात दोन बोटं घातली. लोखंड गार होतं. पलीकडे ती वाटी हाताला लागत होती, निसटत होती. "अप्पा, सांगा."

अप्पांनी जीभ पूजेत ठेवली नव्हती. खुर्चीतून डोळे मिटून त्यांनी सांगायला सुरुवात केली, जणू ते इंजिन त्यांच्या मांडीवर होतं. "तिला ओढू नको. ढकल, मागच्या भोकाकडे. तिथली डमी आधी काढ. आत भिंतीला उतार आहे, उतारानं जाईल ती. हां. आता पहिल्या भोकातनं पाणी ओत, भरपूर. पाण्याबरोबर येईल दारापर्यंत. आली? काठ वर आहे की खाली?"

"वर."

"मग सांडशीचं एकच तोंड आत घाल, काठाखाली. उचल. घाई नको. घोड्याच्या तोंडातनं लगाम काढतात तसं."

मी आयुष्यात घोड्याच्या जवळ गेलेली नाही, पण तसं केलं. वाटी भोकाच्या तोंडाशी आली, अडकली, फिरली आणि माझ्या मांडीवर पडली. समोरच्या बाई म्हणाल्या, "बाळंतपण झालं!" आणि गल्ली हसून हसून फुटली. मी हसत बसले नाही, मेख उचलून चौथीला लावली.

चौथी सरळ निघाली. मग भोकांच्या कडा नारळाची शेंडी आणि राखेनं घासल्या, भांडं घासतात तशा, बोट फिरवलं तर आरसा. आता नवी डमी नुसती ठोकून चालत नाही, कडेला काहीतरी चिकट लावावं लागतं, नाहीतर ती पाझरते. शेलॅक लागतं. दुकानदारांनी प्रसादात शेलॅक घातलं नव्हतं आणि शटर आता पडलं असणार.

तेव्हा वहिनी बाहेर आली. दिवसभर ती अण्णाच्या बाजूनं होती, किंवा मला तसं वाटत होतं. तिनं हातातली इवलीशी बाटली पुढे केली. लालभडक नेलपॉलिश.

"वन्सं, हे पाण्यानं जात नाही," ती म्हणाली. "पंधरा दिवस भांडी घासते मी यावर."

"अगं, ते माझं दिवाळीचं प्रेझेंट..." अण्णा म्हणाला.

"तुमचं?" वहिनी म्हणाली. 

चार डम्यांच्या कडांना मी नवरीच्या बोटांना लावावं तसं नेलपॉलिश लावलं, दोन हात. वाटीचं तोंड बाहेर, बूड आत, वाटीत बत्ता, बत्त्यावर मोगरी. सरळ मारायचं, तिरकं गेलं की संपलं. तिसरी तिरकी गेलीच. ती काढून फेकली आणि प्रसादातली पाचवी लावली. स्पेअरपार्टवाल्यांच्या शहाणपणापुढे मी मनातल्या मनात हात जोडले. शेवटची स्टिअरिंगच्या दांड्याच्या मागे, तिथे हात कोपरापर्यंत जातो आणि परत यायचं विसरतो. मी डोळ्यांनी बघू शकत नव्हते, ठोक्याच्या आवाजावर बसवली. अप्पा ओसरीवरून ऐकत होते. "अजून एक... अजून... बस्." बस म्हणजे बस. त्यानंतरचा ठोका मी मारला नाही.

राजवाड्याचे दिवे लागायच्या आत पाणी भरलं, या वेळी नळाचं, साधं. गाडी सुरू केली. गल्ली खाली वाकून बघत होती. एक थेंब नाही. अण्णा वाकून बघून उठला. "उद्या बघू," एवढंच.

दशमीला सातला निघालो. अप्पा चालवत, अण्णा त्यांच्या शेजारी पाण्याच्या तापमानाच्या काट्यावर डोळा ठेवून, मागे आई, वहिनी आणि मी. आयुधं सकाळीच उठली होती, पण हातोडी मी घरीच ठेवली. वाटेत बॉनेट उघडायचंच नाही, तर हातोडी कशाला? हुणसूरला ट्रॅक्टरचं ते वळण आलं तेव्हा अप्पांनी उगाचच हॉर्न वाजवला. काटा जागचा हलला नाही. बेट्टदपुराला पोचलो, टेकडी चढलो, दर्शन घेतलं, उतरलो, गाडी एका चावीत सुरू झाली. अप्पा इतके खूश की म्हणाले, अजून वेळ आहे, पिरियापट्टणपर्यंत जाऊन तंबाखूच्या भट्ट्या बघून येऊ. त्याच्याही पुढच्या बैलकुप्प्याचं नावही काढलं. आईनं मागून त्यांच्या खांद्याला चिमटा काढला, म्हणून घरी वळलो.

खरी परीक्षा घराच्या वाटेवर होती. दशमीची दुपार, मिरवणूक बघायला सगळा जिल्हा म्हैसुरात. आम्ही शहरात शिरलो आणि अडकलो. पुढे बस, मागे बस, बाजूला बैलगाडी, मधून पिपाण्या आणि फुगे. गाडी तासात हातभर सरकत होती. वारा नाही, इंजिन तापायला लागलं. काटा हलला. मग आणखी हलला. बंद करावी तर म्हातारी बॅटरी इतक्या रेंगाळण्यानं उतरलेली, पुन्हा सुरू व्हायला धक्का लागला असता, आणि धक्का म्हणजे हरणं. सगळ्यांच्या नजरा त्या काट्यावर. आई देवीचं नाव घेत होती, वहिनी स्वतःच्या नखांकडे बघत होती.

"अप्पा, बंद करा," अण्णा म्हणाला. "राहू दे ती अट. फुटेल इंजिन."

"फुटणार नाही," अप्पा म्हणाले. "माझ्या लेकीनं ठोकलंय ते."

त्यांनी हे रस्त्याकडे बघत म्हटलं, मागे वळले नाहीत. तेवढ्यासाठी मी आणखी चाळीस डम्या ठोकल्या असत्या, आणि त्या सांगताना चारशे झाल्या असत्या.

काटा लाल रेघेच्या केसभर अलीकडे थांबला. तिथेच राहिला. पाणी गळत असलं तर काटा थांबत नाही, धावतो, हे अण्णालाही ठाऊक होतं. शेवटी पोलिसानं बाजूची गल्ली मोकळी केली, वारा लागला, काटा हळूहळू खाली आला, आणि आम्ही दारात उतरलो. दोर नाही, धक्का नाही, बॉनेट नाही.

अप्पा मात्र गाडीतून उतरेनात. दोन्ही हात स्टिअरिंगवर ठेवून बसून राहिले. अण्णा घरातून कालचं वर्तमानपत्र घेऊन आला, उघडं करून इंजिनाखाली पसरलं आणि आत कॉफी प्यायला गेला. आम्ही पण गेलो. कॉफीची चव कुणालाच लागली नाही. कप बशीत ठेवून अण्णा परत बाहेर आला, वर्तमानपत्र ओढून काढलं, उजेडाकडे धरून दोन्ही बाजूंनी बघितलं. कोरडं. त्यानं त्याची घडी घातली. मग गाडीभोवती एक चक्कर मारली, पुढच्या चाकापाशी वाकला, टायरवरून हात फिरवून बघितला. अप्पा काचेतून त्याच्याकडे बघत होते.

"मग?" मी विचारलं. "एकादशीला भंगारवाल्याला काय सांगायचं?"

"पुढचे दोन्ही टायर गुळगुळीत झालेत," अण्णा म्हणाला. "बदलायला पाहिजेत."